बर्फातली मासळी

आमच्या परभणीत मासळीच्या पाटीपुढं उभं राहिलेलं गिऱ्हाईक दोन प्रश्न हमखास विचारतं. "आजचा हाय का?" आणि लगेच, "बर्फातला तर न्हाई ना?" पहिल्याला होकार आणि दुसऱ्याला नकार मिळाला की पिशवी पुढं होते. माझं स्पष्ट मत आहे की पहिल्या प्रश्नातून फारसं काही कळत नाही, आणि दुसऱ्यामुळं आपलंच नुकसान होतं. मे महिन्यात पारा ४३-४४ च्या घरात जातो त्या मुलखात राहून आपण बर्फाला नाक मुरडतो. ताजी मासळी हवी पण बर्फ नको, ही मागणी जिच्या पाटीवर येऊन पडते त्या बाईची काय गत होते, तेही मी वर्षानुवर्षं बघत आले आहे.

आमच्याकडं समुद्र नाही. आहे ते अडवलेलं पाणी. पैठणचा नाथसागर, सिंदफणेवरचं माजलगाव, पूर्णेवरची येलदरी आणि सिद्धेश्वर, नांदेडला गोदावरीवरचं विष्णुपुरी, पैनगंगेवरचं इसापूर. माझे वडील पाटबंधारे खात्यात होते, त्यामुळं लहानपणाची बरीच वर्षं माजलगाव धरणाजवळच्या वसाहतीत गेली. तिथं मासा बाजारातून क्वचितच आणावा लागे, भोयांच्या होडीतून तो थेट दारात यायचा. रोहू, कटला आणि मृगळ तेव्हाही जास्त, आजही जास्त. हे तिघं मूळचे गंगेच्या खोऱ्यातले. अंडी घालायला त्यांना वाहतं, चढतं पाणी लागतं, साठवणीच्या पाण्यात ते सहसा अंडी घालत नाहीत. १० जुलै १९५७ रोजी हिरालाल चौधुरी यांनी ओडिशात पिट्युटरी ग्रंथीचा अर्क टोचून कार्प जातीच्या माशांकडून अंडी घालून घेतली, आणि मग मत्स्यबीज माणसाच्या हाताखाली तयार होऊ लागलं. ते बीज धरणाधरणांत सोडलं जाऊ लागलं, आणि ज्वारीच्या भाकरीशेजारी रोहूचा रस्सा आला.

धरणाच्या मासळीनं गरज भागत नाही तेव्हा आंध्रातून ट्रक येतात. भीमावरम, कैकलूर, कोल्लेरू या भागातल्या तळ्यांत वाढवलेला रोहू-कटला बर्फ घालून खोक्यांतून येतो. म्हणून बाजारात दोन ढीग असतात, 'धरनाचा' आणि 'आंध्रचा'. धरणाच्या ढिगाला भाव जास्त आणि मानही जास्त. चवीच्या बाबतीत मी त्या मानाच्या बाजूनं आहे. ताजेपणाच्या बाबतीत मात्र नाव ऐकून पैसे मोजू नयेत, हात लावून बघावं.

मासा ताजा आहे का, म्हणजे तो मरून किती वेळ झाला आणि तो वेळ त्यानं किती उष्णतेत काढला. या दोन गोष्टी एकत्र धरल्याशिवाय हिशेब लागत नाही. पहाटे चारला जाळ्यातून काढलेला, होडीत तसाच पडून राहिलेला, मग मोटारसायकलवर ओल्या गोणपाटात गुंडाळून आलेला आणि दुपारी एकपर्यंत पाटीवर पाण्याचे हबके घेत असलेला मासा आजचाच असतो, त्यात खोटं काहीच नाही. पण नऊ तास तो गरमीत आहे. उष्ण प्रदेशात साध्या हवेला ठेवलेला मासा साधारण १२ ते २० तासांत खाण्याजोगा राहत नाही. तोच रोहू काढल्याबरोबर बर्फात नीट गाडला, तर दोन आठवड्यांपर्यंत चांगला राहू शकतो. आपल्याकडच्या माशांना यात एक फायदाही आहे. त्यांच्या अंगावरचे जिवाणू कोमट पाण्याला सरावलेले असतात, बर्फाच्या गारठ्यात त्यांची वाढ मंदावते. थंड समुद्रातल्या माशांवरच्या जिवाणूंना तो गारठा सवयीचा असतो. म्हणजे बर्फाचा सर्वांत जास्त उपयोग आपल्याला, आणि सर्वांत जास्त संशयही आपल्याकडंच.

मासा हाताळायला मला शिकवलं ते बाजारातल्या एका मावशीनं. भोई समाजातली बाई, नवरा आणि दीर धरणावर, ही पाटीवर. मी सुरुवातीला बोटं न लावता लांबूनच निरखायची. "काऊन नुसतं बघायलाव ताई, हात लावा की," असं म्हणून तिनं माझा अंगठा धरला आणि कटल्याच्या कल्ल्याच्या झाकणाखाली घातला. झाकण उचललं की आत लाल पाकळ्यांचे चार थर दिसतात. ताज्या माशाच्या पाकळ्या एकेक सुट्या असतात, रंग डाळिंबी, वर पातळ, पाण्यासारखा चिकटा. वेळ जाईल तसा रंग आधी विटकरी होतो, मग तपकिरी, मग राखाडी. पाकळ्या एकमेकींना धरून बसतात, चिकटा दुधाळ आणि दाट होतो, बोटाला तार सुटते. कल्ल्यात रक्त भरपूर आणि कातडी अगदी पातळ, म्हणून माशाचं बिघडणं तिथं आधी दिसतं. काही ठिकाणी कल्ल्याला वरून रक्त चोळतात, हेही तिनंच सांगितलं. आपल्याच पाटीवरच्या एका माशाच्या कल्ल्याला तिनं दुसऱ्याचं रक्त फासलं, वर तांब्याभर पाणी ओतलं आणि मला बघायला लावलं. चोळलेलं रक्त धारेबरोबर निघून गेलं, पाकळ्यांचा मूळचा रंग खाली तसाच राहिला. तेव्हापासून संशय आला की मी आधी पाणी ओतायला सांगते.

मग नाक. इथं मात्र समुद्राकाठची सवय आपल्याकडं चालत नाही. आमच्या शेजारी रत्नागिरीहून बदलून आलेल्या एक वहिनी होत्या. मासळीत त्यांचा हात धरणारं कोणी नव्हतं, पण रोहूपुढं त्या अडखळायच्या. "याला वासच नाही हो, मग शिळा ओळखायचा कसा?" असं विचारायच्या. त्यांची अडचण खरी होती. समुद्रातल्या माशांच्या अंगात एक द्रव्य असतं, मासा मेल्यावर जिवाणू त्यापासून ट्रायमिथाइलअमाइन तयार करतात, आणि तोच आपल्या ओळखीचा खारवट, उग्र मासळीचा वास. गोड्या पाण्यातल्या माशात ते मूळ द्रव्य फारच थोडं असतं. म्हणून रोहू बिघडायला लागला तरी बाजारभर दरवळत नाही, त्याचा आंबूस, कुजकट वास कल्ल्याशी नाक नेल्यावरच कळतो. उलट अगदी ताज्या धरणाच्या माशालाही कधी कधी चिखलाचा वास येतो आणि नवखी माणसं तो मासा शिळा समजून परत करतात. त्या वासामागं जिओस्मिन नावाचं द्रव्य आहे. पाण्यातली काही शेवाळं आणि जिवाणू ते तयार करतात आणि ते माशाच्या मांसात उतरतं. मृगाच्या पहिल्या सरीनंतर आपल्या काळ्या रानातून जो वास येतो त्यातही तेच असतं. त्याचा शिळेपणाशी काही संबंध नाही. चिंचेच्या किंवा लिंबाच्या पाण्यात तुकडे थोडा वेळ ठेवले की तो बराच कमी होतो.

डोळ्यांवर लोक सर्वांत जास्त भिस्त ठेवतात. फुगीर, पारदर्शक, मधली बाहुली काळीभोर, हे ताज्या माशाचं लक्षण खरंच आहे. पण बर्फाचा खडा डोळ्याला थेट लागून राहिला तर चांगल्या माशाचाही डोळा पांढुरका होतो. म्हणून बर्फातल्या माशाचा डोळा बघून निकाल द्यायचा नाही, बोटानं दाबून बघायचं. पाठीच्या जाड भागावर अंगठा रोवावा. खड्डा लगेच भरून आला तर मांसात जीव आहे. खड्डा तसाच राहिला तर पुढं बोलू नये.

ताठरपणाची परीक्षा मावशी मला करू देते, इतरांना फारशी करू देत नाही, कारण प्रत्येकानं मासा उचलला तर तो हाताळूनच खराब होईल. डोकं एका हातात धरून मासा आडवा करायचा. मेल्याबरोबर मासा लुळा असतो, मग स्नायूंतली शक्ती संपत गेली की तो काठीगत ताठ होतो, आणि काही वेळानं पुन्हा मऊ पडतो. ताठ मासा हातात आला तर समजावं की त्याला मरून फार वेळ झालेला नाही, किंवा त्याला लवकर बर्फ मिळाला आहे. जाळ्यात फार धडपडलेला मासा लवकर ताठरतो आणि लवकर सैलही पडतो. धडपडीतच त्याची शक्ती संपलेली असते.

जाळ्याचा विषय निघाला तर तो नीटच सांगते, कारण मराठवाड्यात मासळीचं खरं पाणी तिथं कळतं. धरणात जाळी संध्याकाळी टाकतात आणि पहाटे ओढतात. एखादा मासा पहाटे अडकतो आणि जिवंत वर येतो. दुसरा रात्री नऊलाच अडकून मेलेला असतो आणि पहाटेपर्यंत कोमट पाण्यात तरंगत राहतो. दोघंही एकाच होडीतून, एकाच वेळी बाजारात येतात, दोघंही 'आत्ताचे'. उन्हाळ्यात पाणी गरम असतं तेव्हा या दोघांतला फरक फार मोठा असतो. रात्री मेलेल्याचं पोट आधी सैल पडतं, कारण आतड्यातले पाचक रस आतूनच पोटाची भिंत खायला लागतात. पोट दाबल्यावर लिबलिबीत लागलं किंवा गुदद्वार बाहेर आलेलं दिसलं, तर तो मासा ठेवून द्यावा. मरळीचा मात्र प्रश्नच येत नाही. ती हवेतला श्वास घेते, घमेल्यातल्या चार बोटं पाण्यात तासन्‌तास जिवंत राहते आणि गिऱ्हाइकाच्या डोळ्यांसमोर वळवळते. मरळीचा चढा भाव मला कधी खटकत नाही.

दुष्काळाच्या वर्षी आणखी एक सावधगिरी लागते. २०१६ च्या एप्रिलात लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, ते सगळ्यांच्या लक्षात आहे. अशा वर्षी तलाव आटून डबकी उरतात, त्यात मासे दाटीनं कोंडले जातात, पाण्यातला प्राणवायू पहाटेच्या सुमाराला सर्वांत कमी होतो आणि मासे आपोआप मरून वर येतात. ते गोळा करून बाजारात आणले जातात आणि स्वस्त मिळतात. श्वास कोंडून मेलेल्या माशाचं तोंड उघडं राहिलेलं असतं, कल्ल्यांची झाकणं फाकलेली असतात, आतला रंग फिका. तो कधी मेला हे विकणाऱ्यालाही माहीत नसतं. पाणीच कशानं बिघडलं, तेही माहीत नसतं. कितीही स्वस्त मिळाला तरी असा मासा मी घेत नाही, आणि बाजारात कोणी घेताना दिसलं तर त्याला हटकते.

आता बर्फाकडं येते. १ किलो बर्फ वितळताना ८० किलोकॅलरी उष्णता ओढून घेतो. ३० अंशांवरचा १ किलो मासा शून्यावर आणायला सुमारे ३०० ग्रॅम बर्फ पुरतो. पण खोक्याच्या भिंतींतून आणि झाकणातून ऊन आत येतच राहतं, म्हणून आपल्या हवेत माशाइतकाच वजनाचा बर्फ घालावा असं सांगतात. खाली बर्फाचा थर, वर मासे, पुन्हा बर्फ, आणि वितळलेलं पाणी बाहेर जायला भोक. पाणी साचलं तर मासा त्यातच भिजत राहतो आणि कल्ले पांढरे पडतात. वर चार खडे टाकून ठेवलेल्या माशाला मी बर्फातला म्हणत नाही. तो फक्त देखावा झाला.

हे मावशीला माहीत नाही असं नाही. तिला पहाटे बर्फ विकत घ्यावा लागतो, तो बाजारात पोचेपर्यंत निम्मा वितळतो, आणि इतकं करून पाटीवर बर्फ दिसला की गिऱ्हाईक पुढच्या पाटीकडं वळतं. म्हणून ती बर्फ गोणपाटाखाली दडवते, किंवा विकायला बसण्याआधी मासे बर्फातून काढून उन्हात मांडते. "बर्फ दिसला की मानसं म्हनत्यात शिळा हाय. मग काय करावं ताई?" असं ती मला विचारते. सकाळी सातला उत्तम असलेला मासा अकराला मध्यम होतो आणि दोनला टाकाऊ, ते केवळ आपल्या संशयामुळं. त्यात भर आठवड्याच्या वारांची. सोमवार महादेवाचा, गुरुवार दत्ताचा, शनिवार मारुतीचा, काही घरांत मंगळवारही देवीचा. त्यामुळं खरी विक्री रविवारी आणि बुधवारी. रविवारी उरलेला मासा बुधवारपर्यंत काढायचा असतो. तो तीन दिवस बर्फात होता की फक्त गारव्यात, यावर त्याचं सगळं अवलंबून. मासळी बाजारात सावली, नळ आणि बर्फाचं यंत्र या तीन सोयी असाव्यात, ही मागणी मी अर्ज करून मांडली आहे आणि पुन्हा मांडणार आहे. ओटे बांधून झाले, सावली अजून यायची आहे.

समुद्रातली मासळीही आता परभणीपर्यंत येते. बांगडा, सुरमई, कधी पापलेट. बांगड्याबद्दल एक गोष्ट घराघरात माहीत असायला हवी. बांगडा किंवा कुपा (ट्यूना) काही तास उष्णतेत राहिला तर त्याच्या मांसात हिस्टामिन तयार होतं. ते शिजवून जात नाही, तळून जात नाही, गोठवूनही जात नाही. वरून मासा बरा दिसू शकतो. खाल्ल्यावर थोड्याच वेळात चेहरा लाल होतो, अंगावर गांधी उठतात, डोकं ठणकतं, आणि लोक म्हणतात, याला मासळीची ॲलर्जी आहे. इतक्या लांबच्या प्रवासात बर्फ एकदाही तुटला नाही याची ज्याच्याकडं खात्री मिळेल, त्याच्याकडूनच बांगडा घ्यावा.

फॉर्मॅलिनची भीती २०१८ मध्ये केरळ आणि गोव्यातल्या बातम्यांनंतर आमच्याकडंही पोचली. मासळीत फॉर्मॅलिन घालायला मुळीच परवानगी नाही. ते डोळ्यांनी किंवा नाकानं खात्रीनं ओळखता येत नाही. कोचीच्या केंद्रीय मत्स्य तंत्रज्ञान संस्थेनं त्यासाठी तपासणीच्या पट्ट्या तयार केल्या आहेत, आणि अन्न व औषध प्रशासनाकडं तक्रार करता येते. रबरासारखं मांस आणि कसलाच वास नाही, असा मासा दिसला तर मी तो न घेता निघते. पण सरसकट सगळ्या आंध्रच्या मालावर हा आरोप ठेवणं अन्याय आहे.

घेताना शेवटची परीक्षा कापताना होते. मावशी ठोकळ्यावर रोहू ठेवून सुरीनं खवले काढते. ताज्या माशाचे खवले जोर लावल्याशिवाय सुटत नाहीत, टणटण उडतात. मग पोट फाडते. कण्याच्या खालची रक्ताची रेघ मी वाकून बघते. लाल असेल तर छान. तपकिरी झालेली, पसरलेली असेल तर उशीर झाला. बरगडीचे काटे मांसाला घट्ट धरून असावेत. शिळ्या माशात ते मांस सोडून वर येतात. आतडी काढताना तिची बोटं एका जागी सावकाश होतात. तिथं हिरवट पित्ताची पिशवी असते, ती फुटली तर अख्खा मासा कडू होतो. औषध म्हणून रोहूचं किंवा गवत्याचं (ग्रास कार्पचं) पित्त कच्चं गिळणारी माणसं आहेत, त्यांना कळकळीनं सांगते, त्यानं मूत्रपिंडं निकामी होतात. दवाखान्यांत अशा रुग्णांच्या नोंदी आहेत.

घरी आल्यावर मी सगळे तुकडे लगेच मसाल्यात घालत नाही. एक लहान तुकडा मीठ-हळदीच्या पाण्यात झाकण ठेवून उकळते, झाकण काढते आणि वाफ नाकाशी घेते. कच्च्या माशात लपलेला बिघाड वाफेत लपत नाही. ताज्या रोहूची वाफ गोडसर येते. आंबूस किंवा अमोनियासारखी झाक लागली तर पैसे गेले असं समजून सगळं टाकून देते. आमच्या मराठवाड्याचा काळा मसाला, येसर, लसूण, शेंगदाण्याचा कूट यांत इतकी ताकद आहे की त्याखाली शिळा मासाही निभावून जातो, आणि नेमकी त्याचीच मला धास्ती वाटते. म्हणून मासा उत्तम असेल त्या दिवशी मी येसर निम्मी घालते, चिंचेचा कोळ बेतानं, तेल थोडं, आणि तुकडे सर्वांत शेवटी. सात-आठ मिनिटांत रस्सा उतरतो. भाकरी तोवर तव्यावर असतेच. मासा बहुतेक रविवारी होतो आणि सोमवारी आमच्या घरी खात नाहीत, त्यामुळं रस्सा मुळातच माणसं मोजून केलेला असतो, रात्री पातेलं घासायला पडतं.